कुंदानं देवाला विचारू दिलं नाही

विठूचा फोन आला तेव्हा मी अंगणात अबोली खुडत होते. विठू म्हणजे कुंदाचा धाकटा भाऊ, तिला बाय म्हणणारा. सकाळी सकाळी फोन करणाऱ्यांतला तो नव्हे, म्हणून त्याचं नाव बघूनच हात थांबला. "सुमनताय, बाय गेली," एवढंच तो म्हणाला आणि आवाज तुटला. लाटंबार्सेच्या डोंगराआड मोबाइलचं हे रोजचंच आहे. मी "हॅलो, हॅलो" करत अंगणभर फिरले, कुंपणापर्यंत गेले, पण पलीकडून नुसती खरखर. जिनं वर्षानुवर्षं अख्ख्या डिचोलीची सुखदुःखं या टोकापासून त्या टोकाला जोडून दिली, तिची बातमी ही अशी अर्धी आली... कुंदाला हे कळलं असतं तर तिनं कपाळाला हात लावला असता आणि विठूला दोन शब्द सुनावले असते.

आदल्या संध्याकाळीच तिनं मला फोनवर झापलं होतं. गुडघ्याचं औषध मी मध्येच सोडलं, हा माझा गुन्हा. "मास्तरीण जाल्यें म्हणून कोणाचें आयकूंक जायना काय गो तुका?" असा तिचा नेहमीचा दम. रात्री झोपली ती उठली नाही, असं नंतर कळलं. शेजारणीनं दुधाची पिशवी तशीच दाराशी बघितली तेव्हा लक्षात आलं. आता या गोष्टीला काही आठवडे झाले. लोक म्हणतात, सुटली, सुखाचं मरण आलं. मी मान हलवते, पण खोटं कशाला बोलू, मला अजून तिचा राग येतो. इतकी वर्षं प्रत्येक गोष्ट माझ्याशी भांडून केलीस आणि ही एवढी मोठी गोष्ट न सांगता कशी केलीस, असं विचारावंसं वाटतं.

आम्ही दोघी लाटंबार्सेच्या एकाच वाड्यावरच्या, एकाच वस्तीतल्या. गोवा मुक्त झाल्यावर गावोगावी मराठी शाळा निघाल्या, त्यातल्या आमच्या शाळेत आम्ही एका बाकावर बसलो. पुढे हायस्कूलला डिचोलीला जाऊ लागलो तेव्हाही बाक एकच. कुंदाच्या वडिलांची डोंगरावर काजूची बाग होती आणि हंगामात पायथ्याशी काजूच्या दारूची भाटी लागायची. काजूच्या दिवसांत घरच्या सगळ्यांच्याच अंगाला बोंडूंचा, काजूच्या फळांचा वास. तो आंबूस-गोड वास आंघोळीनं जात नाही, केसांत बसून राहतो. डिचोलीच्या बाजारपेठेतल्या मुली नाकाला रुमाल लावून बाकावर सरकून बसायच्या. मी शरमेनं लाल व्हायचे. कुंदा मात्र आणखी त्यांच्याकडे सरकायची आणि म्हणायची, "वास न्हय गो तो, आमचें अत्तर." तिच्या आवाजात काहीतरी होतं. मोठा नव्हता तो, पण स्वच्छ होता, वर्गाच्या शेवटच्या रांगेत प्रत्येक अक्षर सुटं ऐकू यायचं. बाई तिलाच धडा वाचायला सांगायच्या आणि मला पाठांतराला ठेवायच्या. मीच पुढे शिक्षिका झाले, हा देवाचा विनोद.

अकरावीच्या आधी तिची आई गेली. कावीळ झाली, गावठी औषधं झाली, मग म्हापशाला नेलं, तिथून परत आणलीच नाही. घरात आबा, म्हणजे तिचे वडील, मधली सुशीला आणि अगदी लहान विठू. दिवसकार्य झाल्यावर कुंदानं आईचा पदर खोचल्यासारखा सगळा संसार खोचून घेतला, कुणी तिला तसं सांगितलंही नाही. पहाटे पेज, मग बागेत, मग बसनं शाळा, परत आल्यावर गुरं आणि चूल. विठू तिच्या साडीचं टोक मुठीत धरूनच झोपायचा. मॅट्रिकला ती माझ्यापेक्षा चांगल्या मार्कांनी पास झाली. अभ्यास कधी केलास, असं मी विचारलं तर म्हणाली, चुलीपुढे लाकूड पेटेपर्यंत वेळच वेळ असतो.

आबांविषयी सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. इतका मवाळ माणूस मी पाहिला नाही. त्यांनी आवाज चढवलेला कुणी ऐकला नव्हता, आणि स्वतःच्या जबाबदारीवर कुठला निर्णय घेतलेलाही कुणी पाहिला नव्हता. आमच्याकडे महत्त्वाच्या गोष्टीला देवाचा प्रसाद लावायची रीत आहे. भट मूर्तीवर पाण्यानं भिजवलेल्या फुलाच्या पाकळ्या चिकटवतात, गाऱ्हाणं घालतात आणि आपण हात जोडून बघत राहायचं. उजवीकडची पाकळी पडली तर देव हो म्हणाला, डावीकडची पडली तर नाही. लग्न ठरवताना, घर बांधताना सगळेच प्रसाद लावतात. पण आबा बैल विकतानाही लावायचे, कौलं बदलतानाही लावायचे. एकदा त्यांनी प्रसाद घेऊन विहीर खणली आणि तिला पाणीच लागलं नाही. त्यावर आबा शांतपणे म्हणाले, आमचंच काहीतरी चुकलं असेल. कुंदा मला हळूच म्हणाली, "देवाक बावंयची कितें खबर गो, ताका उदक भट हाडून दिता." देवाला विहिरीचं काय माहीत, त्याला पाणी भट आणून देतो. देवावर तिची भक्ती माझ्यापेक्षा जास्त होती, तरी हे असं ती बोलायची.

अशात म्हापशाच्या तिच्या मामानं तिला टेलिफोन ऑपरेटरच्या जागेसाठी अर्ज करायला लावला. परीक्षा पणजीला होती. तिला आकडे मोठ्यानं वाचायला लावले, गर्दीत बोलायला लावलं, एकाच वेळी दोघांचं ऐकून सांगायला लावलं. घरी विठू, गुरं, सुशीला आणि भाटीवरची माणसं यांचं सगळ्यांचं एकदम ऐकायची सवय असलेल्या कुंदाला त्यात काय कठीण? निवड झाली. काजूचा हंगाम संपला की पणजीला प्रशिक्षणाला जायचं, बायकांच्या वसतिगृहात राहायचं आणि मग जिथं पाठवतील तिथं नोकरी. आमच्या वाड्यावरची तोवर एकही मुलगी घराबाहेर राहून नोकरी करत नव्हती. बातमी आली त्या दिवसापासून वाड्यावर दुसरा विषय नव्हता. आई नसलेलं घर टाकून ही चालली, असं बायका म्हणाल्या. माझी आईसुद्धा म्हणाली.

तो दुपारचा प्रसंग माझ्या डोळ्यांसमोर आहे. आम्ही दोघी त्यांच्या अंगणात बसून बोंडूंच्या बिया पिळून काढत होतो. हात चिकट, बोटं चिकानं काळी. आबा डोंगरावरून आले, पायऱ्यांवर टेकले आणि बराच वेळ पंच्यानं मान पुसत राहिले. मग कुणाकडे न बघता म्हणाले, "सोमारा देवळांत वतां. प्रसाद लायतां. देव सांगतलो तशें." त्यांना वाटलं, झालं, सुटलो. मलाही तसंच वाटलं. कुंदानं हातातला बोंडू खाली ठेवला. तिचा आवाज तेव्हाही चढला नाही.

"देवाक विचारूं नाकात, आबा. देवान ना म्हळें जाल्यार हांव कोणाकडेन झगडूं? तुमी सांगात. वच जाल्यार वच, नाका जाल्यार नाका. पूण तुमच्या तोंडान सांगात."

जा म्हणा नाहीतर नको म्हणा, पण स्वतः म्हणा, देवाशी मला भांडता येणार नाही, असं ती सांगत होती. आबांचा पंचा तसाच मानेवर राहिला. मुलीनं जावं की राहावं हे तर होतंच, पण हे बोलणं त्यांच्या आकलनाच्या पलीकडचं होतं. देवाला विचारू नका असं त्यांना आयुष्यात कुणी सांगितलं नव्हतं. ते उठले, गोठ्याकडे गेले, परत आले, पुन्हा बसले. विठू खेळत होता त्याच्याकडे बघितलं... आणि म्हणाले, "नाका."

मी कुंदाकडे बघत होते. मला वाटलं ही आता रडेल. तिनं पुन्हा बोंडू उचलला, पिळून बी काढली, टोपलीत टाकली. "बरें," ती म्हणाली, "आतां झगडूंक मेळटा." आणि त्या दिवसापासून तिनं भांडायला सुरुवात केली.

ते भांडण अख्खा हंगाम चाललं. असं भांडण मी त्याआधी पाहिलं नव्हतं आणि नंतरही नाही. त्यात आदळआपट नव्हती, उपास नव्हते, अबोला तर मुळीच नव्हता. काम एक दिवस चुकलं नाही. आबांच्या ताटात पेज वाढता वाढता ती मुद्दा मांडायची आणि लोणचं वाढेपर्यंत तो पुरा करायची. भाटीला लाकडं घेऊन गेली की लाकडं रचता रचता दुसरा मुद्दा. भाटीवरची माणसं आधी हसायची, नंतर ऐकायला थांबायची, शेवटी त्यांच्यातच दोन पक्ष पडले. आबाही हळूहळू उत्तरं द्यायला लागले. सुशीला लहान आहे, ते म्हणायचे. मी तिच्याच वयाची होते, ही म्हणायची. लोक काय म्हणतील? लोक आजही म्हणतातच की. मग एकदा त्यांनी त्यांचं सगळ्यात मोठं म्हणणं काढलं: "चलयेक घरां दोन, बापायचें आनी घोवाचें. तिसरें खंयचें?" मुलीला घरं दोनच, बापाचं आणि नवऱ्याचं. त्यावर मात्र कुंदा रिकामं ताट उचलून आत गेली. दुसऱ्या दिवशी दुसराच मुद्दा घेऊन आली.

कुंदा मोठी निग्रही होती, वगैरे आता श्रद्धांजलीच्या सभेत लोक बोलले. मी तिला ओहोळावर कपडे धुताना रडताना पाहिलंय. आबांसमोर पोलादासारखी असणारी ही मुलगी दगडावर विठूचा सदरा आपटत मला म्हणाली, "ताका सकाळीं कोण उठयतलें गो? सुशीलेच्या आवाजान तो उठनाच." मी म्हटलं, मग नको जाऊस. ती माझ्यावर भडकली. मग म्हटलं, जा. त्यावरही भडकली. तिला जायचं होतं, अगदी मनापासून जायचं होतं. तो हेडफोन, ती लांबलांबच्या गावांची नावं, आपल्या हातचा पगार, आपली खोली. आणि तिला राहायचंही होतं, कारण त्या घरात तिच्याशिवाय पान हलत नव्हतं आणि ते हलत नाही याचा तिला अभिमानही होता. देव हो म्हणाला असता तर ती गेली असती आणि उद्या विठू आजारी पडला तर देवाला बोल लावून मोकळी झाली असती. ती मोकळीक तिनं स्वतःच नाकारली होती. हे तिला तेव्हाच कळलं होतं. मला कळायला लग्न व्हावं लागलं.

भांडता भांडता तिनं आणखी एक केलं. सुशीलेला स्वयंपाक शिकवला, विठूला स्वतः उठून तोंड धुवायला शिकवलं, गाईला सुशीलेच्या हाताची सवय लावली. आबा हे बघत होते.

भाटी बंद झाली, भांडी घासून पालथी पडली. एका सकाळी कुंदा ओहोळावरून आली तर चुलीपुढे आबा बसलेले, डोळे धुरानं लाल. त्यांनी जन्मात पहिल्यांदा पेज शिजवली होती आणि ती तळाला चांगलीच करपली होती. वास आमच्या घरापर्यंत आला होता, म्हणून मी बघायला गेले होते. आबांनी वाटी तिच्यापुढे सरकवली, खाऊन बघ म्हणून. "पेज केल्या. खावन पळय." कुंदा खाली बसली आणि ती करपलेली पेज शेवटच्या शितापर्यंत खाल्ली. कशी झाली, आबांनी विचारलं. "बरी जाल्या," ती म्हणाली. आबांनी पंच्यानं डोळे पुसले, धुराचं निमित्त होतंच. मग म्हणाले, "वच तूं. हांवूच सांगतां. वच."

तिची ट्रंक बसपर्यंत आबांनी स्वतः डोक्यावरून नेली. खाणींच्या ट्रकांनी रस्त्यावर लाल धूळ उडत होती, विठू ओरडून रडत होता, सुशीलेनं त्याला कडेवर दाबून धरलं होतं. कुंदा बसमध्ये चढली आणि खिडकीतून एकदाच बघून तोंड फिरवलं. पुढच्या सोमवारी आबा देवळात गेले तेव्हा भटांनी विचारलं, गोपाळा, एवढी मोठी गोष्ट, देवाला विचारलं नाहीस? आबा म्हणाले, "विचारूंक ना. सांगलां." विचारलं नाही, सांगितलं. माझे वडील तिथं होते, ते घरी येऊन हे सांगताना हसत होते, पण त्या हसण्यात आदर होता.

पणजीहून तिची नेमणूक डिचोलीच्या एक्स्चेंजमध्ये झाली, हे नशीबच. तिनं बाजाराजवळ एक खोली घेतली. पहिले काही महिने ती सवयीनं चौघांची पेज टाकायची आणि उरलेली घरमालकिणीच्या गाईला घालायची. ती गाय लठ्ठ झाली, असं ती हसत सांगायची. मी लग्न होऊन पेडणे तालुक्यात, पार्सेत आले, शाळेत नोकरीला लागले, आणि पोस्टात जाऊन कॉल लावला की पलीकडून तोच स्वच्छ आवाज, "डिचोली. नंबर सांगात." मी मुद्दाम आवाज बदलून काहीतरी नंबर सांगायची. ती म्हणायची, "सुमन, पयसे कित्याक वगडायता गो?" पैसे वाया कशाला घालवतेस, म्हणून. तिनं माझा आवाज ओळखला नाही असं कधी झालं नाही. गावातल्या कुणाच्या घरी बाळ झालं, कुणाचा मुलगा आखातात पोचला, कुणाचं जहाज लागलं, सगळं आधी तिच्या कानातून जायचं. तिच्या तोंडून मात्र कधी काही बाहेर आलं नाही. मी खोदून खोदून विचारलं तरी नाही.

गोव्याची राजभाषा मराठी की कोंकणी, हे भाषेचं आंदोलन पेटलं तेव्हा तर तिची खरी मजा. मी मराठी शाळेतली, कडक मराठीवादी, छातीला बिल्ला. घरी सासूशी बोलायची कोंकणीतूनच, ते सोडा. कुंदाला म्हटलं, तू कुठल्या बाजूची? म्हणाली, "हांव मदल्या तारेची." मग सांगायला लागली, तुमचे मराठीवाले माझ्याकडे लाइन मागतात ती कोंकणीत, आणि कोंकणीवाले लाइन लागली नाही की माझ्यावर रागावतात ते मराठीत. मी आठवडाभर तिच्याशी बोलले नाही. गोवा घटक राज्य झालं त्या दिवशी मीच आधी फोन केला. बोर्डावरची एकही लाइन मोकळी नव्हती म्हणे, जो तो सगळ्यांचं अभिनंदन करत होता. तिनं मला रांगेतून वर घेतलं नाही. वाट बघ म्हणाली. मी वाट बघितली.

स्थळं आली, नाही असं नाही. एकानं नोकरी सोडायची अट घातली. दुसऱ्यानं नोकरी ठेव म्हटलं, पण लाटंबार्सेला दर शनिवारी जायचं बंद करायला सांगितलं. दोघांनाही तिनं "लाइन बिझी" म्हणून परत पाठवलं. तिसरा बरा होता, मला तर फार आवडला होता. तिलाही आवडला असावा, कारण त्याच्याविषयी ती थट्टा करत नव्हती. तेव्हा सुशीलेचं लग्न व्हायचं होतं, विठू कॉलेजात जायचा होता. तो थांबायला तयार होता, मग थांबला नाही. ती एकदा म्हणाली, "गो, म्हाका सगळें जाय आशिल्लें..." सगळं हवं होतं, एवढं म्हणून वाक्य तिथंच सोडलं. तिच्या तोंडचं अर्धवट राहिलेलं दुसरं वाक्य मला आठवत नाही. तिला फार वाईट वाटलं होतं, आणि मलाही.

पुढे एक्स्चेंज आपोआप चालणारं झालं, ऑपरेटर उरले नाहीत, तिला काउंटरवर बसवलं. ती म्हणायची, आता माणसं स्वतःच स्वतःला जोडतात, चांगलंच झालं. त्या काळात तिनं डिचोलीतच दोन खोल्यांचं लहानसं घर बांधलं. विठू लाटंबार्सेच्या घरात बायकोमुलांसह राहत होता, तो म्हणाला, इथंच वरती माडी चढवू या, तू ये. ती नको म्हणाली. त्याला राग आला, वर्षभर राहिला. आबांची तेव्हा नजर गेली होती. डॉक्टर ऑपरेशन करा म्हणत होते, आबा घाबरत होते. तिनं त्यांना आपल्या नव्या घरी आणलं, खिडकीशी कदेल, म्हणजे खुर्ची टाकून बसवलं आणि चेष्टेनं विचारलं, प्रसाद लावू या? आबांनी चेहरा वर केला. म्हणाले, "तूंच सांग. देवाकडेन झगडूंक मेळना." ऑपरेशन झालं. नंतरची पाच-सहा वर्षं ते अधूनमधून तिच्याकडे राहायचे, आणि तिच्याकडे राहणारा आबा लाटंबार्सेच्या आबापेक्षा जास्त बोलका होता, हे विठूची बायकोच सांगते.

त्या दिवशी पार्सेहून निघून मी डिचोलीला पोचले तोवर अंगण भरलं होतं. लाटंबार्सेहून माणसं आली होती, काउंटरवरच्या जुन्या बायका आल्या होत्या, गल्लीतला पाववाला पोदेर सायकल भिंतीला टेकवून उभा होता. कुंदा बाहेरच्या खोलीत चटईवर... मी तिच्याकडे नीट बघू शकले नाही, म्हणून तिच्या पायांकडे बघत बसले. ओसरीवर गावातले वडीलधारे विठूला समजावत होते. बिनलग्नाची मुलगी, बापाच्या घरची. तिला गावी न्यायला हवी, बापाच्या दारातून निघायला हवी, तशीच रीत आहे. गाडी सांगून ठेवली होती. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, आपल्या माणसाला आपल्या मातीत न्यावं एवढंच होतं. विठू मान खाली घालून ऐकत होता. तो आता साठीकडे झुकलाय, पण वळणावर गेलाय आबांच्याच. कुणालाही नाही म्हणायचं म्हणजे त्याच्या अंगावर काटा येतो. मला वाटलं, झालं, आता हिला नेणार. मी काही बोलणार होते, पण माझा तिथं अधिकार काय?

विठूनं चष्मा काढला, पुसला, परत घातला. "बायचें घर हें," तो म्हणाला. "बाय आपल्या घरांतल्यान वतली." कुणीतरी काहीतरी बोलू लागलं. त्यावर तो चक्क भांडला. मोडक्यातोडक्या शब्दांत, रडत, पण भांडला. गाडी परत पाठवली. कुंदा स्वतः बांधलेल्या घराच्या दारातून निघाली आणि लाटंबार्सेचा सगळा वाडा तिच्यामागून डिचोलीच्या रस्त्यानं चालत गेला. आम्ही बायका ओसरीवर उभ्या राहिलो. माझ्या शेजारी सुशीला होती. ती म्हणाली, आबा असते तर त्यांनी हेच केलं असतं. मला तसं वाटलं नाही, आबांना आणखी थोडा वेळ लागला असता. पण मी हो म्हटलं.

गेल्या रविवारी मी पुन्हा गेले होते. घर बंदच असतं, विठू दर रविवारी लाटंबार्सेहून येऊन उघडतो, झाडतो, खिडक्या उघडून वारा देतो, अंगणातल्या तुळशीला पाणी घालतो. आम्ही दोघं फाटकातून बरोबरच आत आलो. किल्ली त्याच्या हातात होती. आमच्याकडे गावात कुणी कुणाचं दार वाजवत नाही, हाक मारत थेट चुलीपर्यंत जायचं ही पद्धत. विठूनं दारावर टकटक केली. मला वाटलं आत कुणी आहे, साफसफाईची बाई वगैरे. तो जरा थांबला, पुन्हा एकदा वाजवलं, मग किल्ली लावली. मी त्याच्याकडे बघत राहिले तेव्हा तो ओशाळला. "तिच्या घरांत अशेंच कशें भितर सरप, सुमनताय?" असंच कसं आत शिरायचं, असं म्हणत तो चपला बाहेर काढून, पाय पुसून आत गेला.